पट्टीला पट्टी जोडणाऱ्या नणंद-भावजय

लोकांना वाटतं, दिवसभर जमिनीवर गुडघे टेकून बसणाऱ्या बाईकडे सांगण्यासारखं काय असणार! पण परक्या घरात तुम्ही खाली बसून काम करायला लागलात ना, की घरचे तुम्हाला विसरतात आणि मोकळं बोलतात. संध्याकाळी कपडे झटकले की भुसा पडून जातो, किस्से तेवढे अंगावर राहतात.

मी आणि माझी नणंद भारती, आम्ही दोघी नवी मुंबईत घरोघरी हायब्रिड वुड फ्लोअरिंग बसवतो. वर खऱ्या लाकडाचा पातळ थर, खाली कडक, वॉटरप्रूफ गाभा. पट्टीत पट्टी 'क्लिक' करून अडकवायची. खिळा नाही, गोंद नाही. मी आधी एका फ्लोअरिंगच्या दुकानात काउंटरवर होते, भारती तिथेच कटिंग मशीनवर. मग म्हटलं, दुसऱ्याचं किती दिवस करायचं? आमचं घर तळवली गावात, भारती तिथेच वाढली, त्यामुळे तिची बोली अस्सल गावची.

पहिलंच काम वाशीत. मशीन आणि हत्यारांची पेटी घेऊन घामाघूम होऊन आम्ही दारात उभ्या. काकूंनी दार उघडलं आणि आमच्या मागे लिफ्टकडे बघायला लागल्या.

"माणसं कधी येणार?"

भारतीनं मशीन आत नेऊन ठेवलं. "आली ना! आता सोफा सरकवायला तुमचा मानूस बोलवा."

*

रंग निवडताना नवरा-बायकोचं भांडण होत नाही, असं घर मला अजून भेटायचंय!

ऐरोलीचं एक तरुण जोडपं. त्याला काळपट अक्रोडी रंग हवा, "क्लासी दिसतो." तिला फिकट हवा. तासभर दोघं हटेनात. शेवटी मी चिमूटभर भुसा घेतला आणि दोन्ही सॅम्पलवर भुरभुरवला. फिकट पट्टीवर काहीच दिसेना. काळ्या पट्टीवर कण न् कण उठून दिसायला लागला.

"घरात झाडू कोण मारतं?" मी विचारलं.

नवऱ्यानं हळूच हात वर केला. "मी."

आणि खाली बघत म्हणाला, "फिकटच द्या."

*

सीवूड्सचे एक काका कुणाच्या शब्दावर विश्वास ठेवणारे नव्हते. सॅम्पलची पट्टी घरी नेऊन त्यांनी बादलीत बुडवून ठेवली. आठवडाभर! पट्टी जशीच्या तशी. मग खूश होऊन ऑर्डर दिली.

फ्लोअरिंग बसलं, तसे काका बाल्कनीतल्या कुंड्या हॉलमध्ये आणून तिथेच पाणी घालायला लागले. कुंड्यांखाली डबकं!

भारतीनं समजावलं, "काका, पट्टीला पानी चालतं. पन साठवून ठेवलंत तर भिंतीकडनं खाली उतरंल. सांडलं का लगेच पुसायचं!"

काकांनी मान डोलावली आणि झारी उचलली. आतून काकू ओरडल्या, "फ्लोअरिंग वॉटरप्रूफ आहे, हे सल्लाप्रूफ आहेत!"

*

भिंतीच्या कडेला आम्ही बोटाच्या पेरापेक्षा कमी फट सोडतो. वरून स्कर्टिंगची पट्टी लागली की ती झाकली जाते. पण कोपरखैरण्याच्या एका साहेबांनी ती आधीच पाहिली.

"कापताना चुकलात ना? खरं सांगा!"

"साहेब, उन्हाळ्यात पट्टी थोडी फुगते," मी म्हटलं. "तिला सरकायला जागा लागते."

साहेबांना पटेना. तेव्हा भारती म्हणाली, "मे महिन्यात पाव्हने येतात तुमच्याकडं?"

"येतात की. बायकोच्या माहेरचे."

"मग जागा करता का नाय?"

साहेबांनी बायकोकडे बघितलं. "करावीच लागते!"

*

देखभालीचं आम्ही सगळ्यांना एकच सांगतो. फडका घट्ट पिळून पुसा, अ‍ॅसिड नको, मेणाचं पॉलिश तर अजिबात नको. नेरूळच्या एका गुरुजींनी उत्साहानं नेमकं मेणाचं पॉलिशच फासलं. हॉलचा आरसा झाला!

आम्ही मेण काढायला गेलो, तर गुरुजी आणि त्यांच्या पत्नी, घसरू नये म्हणून, एकमेकांचा हात धरून पाऊल पाऊल टाकत दाराशी आले.

"आज सगळं साफ करून देतो," मी म्हटलं.

बाई गुरुजींचा हात न सोडता म्हणाल्या, "घाई काय आहे?"

*

बेलापूरचं काम आमचं तोवरचं सर्वांत मोठं. अख्खा फ्लॅट! आत गेल्यावर लांब पट्टी जमिनीला लावून बघितली, तर हॉलच्या मधोमध खोलगट. लेव्हलिंग करून ते वाळू दिल्याशिवाय बसवलं असतं तर पट्ट्या हलल्या असत्या, जोड उघडले असते.

इंटिरियरवाला भडकला. "रविवारी पूजा आहे! वरून कुणाला कळणार आहे? बसवा, नाहीतर दुसरे बघतो."

हे काम गेलं तर पुढची कामं कोण देणार? मी भारतीकडे बघितलं. तिनं हत्यारं पेटीत भरायला घेतली. मीही भरायला लागले.

तेवढ्यात आतल्या खोलीतून आवाज आला, "मला कळेल ना!"

घरमालकांचे वडील व्हीलचेअर चालवत बाहेर आले. "चाकं माझी आहेत. पूजा पुढच्या रविवारी. पोरींनो, पेटी उघडा."

काम पूर्ण झाल्यावर त्यांनी हॉलमधून जोरात खुर्ची पळवली. आवाज नाही, धक्का नाही. आम्ही दोघी स्वयंपाकघरात जाऊन डोळे पुसून आलो.

*

काम झालं की थोड्या पट्ट्या उरतात. दुरुस्तीसाठी ठेवा सांगितलं, तरी बरेच जण म्हणतात, "जागा कुठंय? तुम्हीच न्या." आमचा माल एकाच कंपनीचा, त्यामुळे रंग वेगळे असले तरी पट्टीत पट्टी बसते. साठल्यावर आम्ही त्या तळवलीच्या घरात, पुढच्या मोठ्या खोलीत बसवल्या. बेलापूरचा तुकडा दाराशी, मग सीवूड्स, नेरूळ, भिंतीपाशी वाशी.

सासूबाईंनी कुठला रंग कुठल्या गावचा ते पाठ केलंय. डॉक्टरांनी शुगरसाठी चालायला सांगितलंय, तर त्या तिथेच फेऱ्या मारतात. चप्पल घालून कुणाला पाय ठेवू देत नाहीत.

परवा जासईहून भारतीला तिच्या मावशीचा फोन आला. "तुझी आई कुठं हाय? दे जरा."

भारतीनं मागे वळून बघितलं.

"बेलापूर सोडलंन, आता सीवूड्सला हाय. वाशीला पोचली का देते!"