बाईंनी तपासलेल्या वह्या

धुळ्यात छापलेला असा एकही कागद नसेल ज्यावर आमच्या बाईंचं लाल पेन फिरलं नाही. बाई म्हणजे माझ्या वडिलांच्या शाळेत मराठी शिकवणाऱ्या. त्या निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली, पेन मात्र निवृत्त झालं नाही. लग्नपत्रिका आली की आधी तिच्या वेलांट्या सुधारायच्या, मग आहेराचं ठरवायचं. एका रसवंतीच्या पाटीवरचा 'शुध्द' हा शब्द शुद्ध होईपर्यंत त्यांनी पुढ्यातल्या ग्लासाला हात लावला नव्हता. वडील गेले तेव्हा त्या आईजवळ बसून पोटभर रडल्या आणि निघताना दशक्रियेच्या पत्रिकेतल्या तीन चुका मला दाखवून गेल्या.

वडील त्याच शाळेत गणित शिकवायचे. पारोळ्याकडच्या खेड्यातले, त्यामुळे बाई समोर दिसल्या की मुद्दाम अहिराणीत शिरायचे. "चहा थंडा शे," ते म्हणायचे. "शे नाही, आहे," बाई म्हणायच्या. नोकरीभर हे चाललं. म्हणून वडिलांच्या कपाटात अहिराणी गोष्टींच्या चार वह्या सापडल्या आणि जळगावचे प्रकाशक म्हणाले, "छापतो, पण आधी बाईंकडून तपासून आणा," तेव्हा मी त्या नाइलाजानेच बाईंकडे नेऊन दिल्या. बाई सगळे 'शे' पुसणार, आणि भांडायला वडील नव्हते.

चार महिने वह्या परत येईनात. फोन केला की बाई म्हणायच्या, "सरांना आता कसली घाई आहे?" मग पारोळ्याहून आत्याने कळवलं, की तुमच्या बाई दर रविवारी एसटीने येतात, बाजारात म्हाताऱ्या भाजीवाल्यांजवळ बसतात आणि त्यांचे शब्द लिहून घेतात.

शेवटी बाईंनी बोलावलं. मी धास्तावून वही उघडली. एकही 'शे' जागचा हलला नव्हता. लाल खुणा होत्या त्या वडीलच पुस्तकी मराठीत घसरले होते तिथे. एका गोष्टीत मुलगा सैन्यात निघतो आणि आई म्हणते, "माझा जीव तुझ्यात आहे." बाईंनी ते खोडून लिहिलं होतं, "मन्हा जीव तुन्हामा शे."

"इथे सर मला घाबरले," बाई म्हणाल्या. "ती माय असं बोलणार नाही."

मी त्यांच्या पाया पडलो. पुस्तकात नाव घालू का विचारलं, तर म्हणाल्या, "पुस्तक सरांचं आहे."

पुस्तक आल्यावर मी ते आईला वाचून दाखवलं. त्या ओळीपाशी तिने डोळ्यांना पदर लावला. "हाई त्यासनंच बोलनं शे," ती म्हणाली. वडिलांचंच बोलणं वाटलेली ती ओळ बाईंची आहे, हे मी तिला सांगितलं नाही. दुसऱ्या दिवशी बाईंना मात्र जाऊन आई काय म्हणाली ते सांगितलं.

"आणखी काय म्हणाल्या?" त्यांनी हळूच विचारलं.

मी समोर बसलो आणि आठवेल तेवढं सगळं सांगत गेलो.