पांढरीतलं लेकरू

मेहताबला मी कधी बसलेली पाहिली नाही. दारात आली तरी गाढवाची दोरी हातात, एक पाय उंबऱ्यापाशी आणि दुसरा रस्त्याकडे. "टेक जरा," म्हटलं तर म्हणायची, "बसलं की गुडघं बोलाय लागत्यात, मास्तरीणबाई. चालतंय तवर गप ऱ्हात्यात."

तिचा नवरा अजीज कापूस पिंजायचा. तो गेल्यापासून तिचं पोट पांढऱ्या मातीवर. नेवाशाच्या खालच्या अंगाला, प्रवरेकाठी आमचं गाव. घरं सगळी धाब्याची, वर मातीचं सपाट छत. वैशाखात धाब्यावर पांढरीचा नवा थर पडला नाही तर पावसाळ्यात घर आणि अंगण यांत फरक राहत नाही. ही माती मिळते गावाबाहेरच्या टेकाडावर. तिथं फार जुनी वस्ती होती असं सगळे म्हणतात. कुणाची, ते कुणाला ठाऊक नाही. मेहताब तिथं कुदळ मारी, गोण्या भरी, खापरं निघाली की बाजूला फेकी. त्यातली रंगीत खापरं आमचे हे शाळेच्या खिडकीत मांडून ठेवत. हे गावचे मास्तर.

शके अठराशे अडुसष्टच्या वैशाखात एका सकाळी ती रिकामं गाढव घेऊन आली. मी तुळशीला पाणी घालत होते.

"मास्तर कुठं हायेत?"

"सोनईला गेलेत. का गं?"

"दोन मडकी निघाली. तोंडाला तोंड लावल्याली. माझ्या कुदळीनं एक फुटलं." तिनं दोरी या हातातून त्या हातात घेतली. "आत लेकरू हाय."

"जिवंत?" माझ्या तोंडून निघून गेलं.

"जिवंत कुठनं, बाई! हाडकं हायेत. माझ्या करंगळीयेवढी."

मी म्हटलं, मास्तर येईपर्यंत थांब. थांबते म्हणाली, आणि अंगणात येरझारा घालू लागली. तिची तीन लेकरं वर्षाच्या आतच गेलेली. नदीकाठच्या कबरस्तानात पुरली होती. एका पुरात प्रवरेनं तो कोपराच नेला. त्यावर ती कधी बोलत नसे, पण नदीला पाणी चढलं की काठावर जाऊन उभी राही. मी आत जाऊन देवापुढची समई सारखी करून आले, तोवर ती निघून गेली होती.

संध्याकाळी हे परतले. ऐकून इतके हरखले की जेवायच्या आधी, जुन्या वस्त्या खणणाऱ्या पुण्याच्या एका प्रोफेसरांना कार्ड लिहिलं. दुसऱ्या दिवशी मेहताब दाराशी आली. लुगड्याचा पदर हातभर फाडलेला.

"क्येलं मी," म्हणाली. "कफन घातलं, तोंड पश्चिमेला क्येलं, दुवा म्हनली. मुल्लाला इचारलं न्हाई. इचारलं असतं तर न्हाई म्हनला असता."

कुठं पुरलं ते मी विचारलं नाही. माझंच डोकं ठिकाणावर नव्हतं. माझ्या देवघरावर त्याच टेकाडाची माती चार बोटं जाड पसरलेली. शेजारची कडूबाई तर फाटकातूनच ओरडली, "मास्तरीणबाई, देवाच्या डोक्यावर मसनवटा आनून ठिवला की वो!" मी गोमूत्र शिंपडलं, नेवाशाच्या मोहिनीराजाला तेलाचा दिवा बोलले, तरी पूजेला बसले की नजर वर जायची.

मेहताबचं त्याहून वाईट. "इतकी वर्सं कुदळ मारतीया," म्हणायची. "मडकं फुटलं की फेकलं. कवा वाकून बघितलं न्हाई. गावाच्या धाब्यांवर मी काय काय पसरलं असंल?" तिनं टेकाडावर खणायचं बंद केलं, पण तिथून हलेना. दिवसभर मोकळं गाढव घेऊन भोवती फिरायची.

पंधरवड्याच्या आत प्रोफेसर आले. दोन विद्यार्थी, एक राहुटी, दोऱ्या, कुंचले. मडकी पाहून खूश झाले, आत डोकावले तर रिकामी. मेहताबला बोलावणं गेलं.

"बाई, अशी तोंडाला तोंड लावलेली मडकी म्हणजे आत मूल असायलाच हवं. कुठं गेलं?"

"जिथं जाया पायजे तिथं."

"कुणी नेलं?"

"मी न्येलं."

हे शरमेनं लाल. घरी आल्यावर मला म्हणाले, "तू विचार तिला. तुझं ऐकेल." मी गेले, विचारलं. तिनं मला नीट न्याहाळलं.

"तुमी इचारताय, का मास्तर इचारत्यात?"

"मास्तर."

"मग मास्तरास्नी सांगा, मेहताब येडी झाली."

प्रोफेसर रागावले नाहीत. ते मडक्यांच्या भोवतीची माती कुंचल्यानं झाडत राहिले. तीन-चार दिवसांनी त्यांनी आपणहून तिला हाक मारली. मी यांचा डबा घेऊन गेले होते, म्हणून तिथंच होते.

"इकडे या, बाई. ही बघा सारवलेली जमीन. शेणाचा पोपडा दिसतोय? ही चूल, ही तिची राख. इथं कुडाच्या मेढीचं, खांबाचं भोक. ही मसणवट नाही. हे कुणाचं तरी घर होतं. माझा अंदाज असा की मूल दगावलं आणि त्यांनी घरातच, चुलीपाशी पुरलं. वर पुन्हा सारवलं आणि राहिले."

मेहताबनं दोरी सोडली. गाढव भलतीकडे निघालं तरी तिचं लक्ष नाही.

"घरातच?"

"हो."

"किती सालं झाली?"

"तीन हजार म्हणा. जास्तच असतील."

"तेवढी सालं त्ये आईच्या चुलीपाशी हुतं," ती म्हणाली, "आन मी त्याला घराभायेर काढलं."

मग प्रोफेसरांनी हळूच विचारलं, "आता सांगाल, कुठं आहे?"

"सांगितलं तर हितं परत ठिवाल?"

त्यांनी टोपी काढली, डोकं पुसलं. खोटं बोलता आलं असतं त्यांना. "नाही. पुण्याला न्यावं लागेल. हाडांवरून कळतं मूल किती महिन्यांचं होतं, कशानं गेलं."

"त्याच्या आईला ठावं हुतं की."

एवढं बोलून ती गाढवामागं गेली.

नंतर त्यांनी दोनदा निरोप पाठवला. ती गेली नाही. पण तिचा जीव थाऱ्यावर नव्हता. माझ्याकडे यायची, अर्धा शब्द बोलायची, उलटी फिरायची. "चुकलंच माझं. पर मला कुठनं कळनार, बाई? घरात कुनी पुरतं व्हय?"

शेवटी राहुटी हलली. फुटकी मडकी गवतात बांधून पुण्याला गेली. गुरं पडतात म्हणून पाटलांनी खड्डा भुसभुशीत मातीनं भरून घेतला. ज्येष्ठातली एकादशी होती. भर दुपारी, गाव झोपलेलं, मेहताब आली.

"चला."

मी चपला घातल्या. उपासानं पोट आत गेलं होतं, पण नाही म्हणावंसं वाटलं नाही. कबरस्तानात अजीजच्या कबरीच्या उशाशी तिनं हातानं माती उकरली. फाटक्या पदराचं गाठोडं निघालं, मूठभर. ते पाटीत ठेवून पाटी डोक्यावर घेतली. गाढव मागून येत होतं, त्याच्या पाठीवर ठेवलं नाही. त्याच्यावरच्या गोणीत आणखी काहीतरी खडखडत होतं.

टेकाडावर तिनं गोणी उघडली. दोन कोरी मडकी. "जुनी तर पुन्याला गेली. कुंभाराकडनं नवी आनली."

चुलीची राख लागेपर्यंत तिनं भुसभुशीत माती काढली. गाठोडं मडक्यात सोडताना थबकली. "तोंड कुठं करू, मास्तरीणबाई?"

मला मंत्र येतात, स्तोत्रं येतात. यातलं काही येत नव्हतं. "चुलीकडे," मी म्हटलं.

तिनं तसंच केलं. तोंडाला तोंड लावून दुसरं मडकं बसवलं, माती लोटली, आणि सारवताना फिरवतो तसा हात वरून फिरवला. ओठ हलत होते. मी पण हात जोडले.

उतारावर कडूबाई भेटली, डोक्यावर भारा. "मेहताब, आगं आभाळ भरून आलं! माझं धाबं कवा करतीस? मसनवटा न्हवं म्हनत्यात, टेकाडाचीच आन माती, मी पुढं व्हते."

"नदीच्या दरडीची आनते."

"ती न्हाई टिकत गं! समदं घर गळंल!"

"गळू दे. खाली भांडं ठिव."

"ही बया बिघडली," कडूबाई मला म्हणाली.

दरडीची वाट टेकाडावरूनच सरळ जाते. मेहताबनं गाढवाला खाली ओढलं आणि टेकाडाच्या कडेकडेनं, काट्याकुट्यातून, लांबचा वळसा घालून निघाली.