हरिदांची ‘बेल’

मिठूचा फोन आला तेव्हा मी वेस्ट विंडसरच्या ग्रोसरीत केळी निवडत होतो. “काका, बाबा गेले. दुपारचा चहा घेतला, जरा पडतो म्हणाले आणि...” मी केळी तिथेच ठेवली आणि गाडीत येऊन बसून राहिलो.

मिठूचे बाबा म्हणजे हरिसाधन तालुकदार, आमचे हरिदा. बंगाली सिनेमा पाहणाऱ्याला चेहरा लगेच ओळखू येईल, नाव मात्र आठवणार नाही. गावोगाव फिरणाऱ्या ‘जात्रा’ या बंगाली लोकनाट्याच्या तंबूत त्यांनी सुरुवात केली ती स्त्रीपार्टाने. मग कोलकात्याच्या सिनेमात पोस्टमन, भटजी, दारुडा वैद्य, जमीनदाराचा कारभारी, भूतसुद्धा. नायक कधीच नाही. शिंप्याचं काम मिळालं तर महिनाभर शिंप्याच्या दुकानात जाऊन काजं करत बसायचे. “नायकाला चेहरा लागतो,” ते म्हणायचे, “माझ्यासारख्याला हात लागतात. लोक हातांवर विश्वास ठेवतात.” बायको गेल्यावर ते इथे अमेरिकेत लेकीकडे आले. एकदा दुकानात एका बंगाली बाईने त्यांना अडवलं. “तुम्हीच ना, धाकट्या सुनेच्या दुधात विष घातलं होतं?” हरिदांनी डाळींच्या रांगेत उभ्याउभ्या एक भुवई अशी उचलली, की बाई किंचाळून हसायला लागली आणि तिने हातातला दुधाचा कॅन पाठीमागे लपवला.

असा माणूस शेजारच्या गल्लीत राहायला आल्यावर माझ्यासारख्या हौशी लेखकाने गप्प बसणं शक्यच नव्हतं. आमच्या मंडळासाठी मी एक नाटक लिहिलं होतं, मुलाकडे अमेरिकेत आलेल्या म्हाताऱ्याचं. शेवटी तो मुलाचा निरोप घेतो. “बाळा, वेळ झाली. काळजी करू नकोस. मी जवळच आहे.” एवढंच. हरिदा लगेच हो म्हणाले. मराठी त्यांना येत नव्हतं, पण कान असा होता की महिन्याभरात ते शैलाची, म्हणजे माझ्या बायकोची, हुबेहूब नक्कल करायला लागले. अडत होते फक्त दोन अक्षरांवर. बंगाली जिभेवर ‘व’चा ‘ब’ होतो, आणि ‘ळ’ तर त्यांच्याकडे नाहीच. पहिल्याच तालमीत ते भरल्या गळ्याने म्हणाले, “बाला, बेल झाली.” मुलाचं काम करणारा नागपूरचा संदीप पटकन म्हणाला, “अरे यार, कोणी तरी दार उघडा ना, बेल झाली!” सगळे पोट धरून हसले. हरिदाही हसले. त्या दिवसापासून आमच्या घरी आले की ते बेल दाबत नसत. दाराबाहेर उभे राहून ओरडायचे, “श्रीधोरबाबू, बेल झाली!”

शैलाने त्यांना शिकवायला घेतलं. “हरिदा, जीभ टाळूला लावा आणि सोडा.” ते म्हणाले, “टालू.” मग कपाळाला हात लावून, “जीभ जहाँ लगाना है, उस जगह के नाम में भी यही दुष्ट अक्षर? ये क्या इन्साफ है, बौदी?” शैलाला ते बौदी, म्हणजे वहिनी, म्हणायचे. सगळा हिवाळा हे चाललं होतं. मी मात्र तालमीतल्या त्या हशाला धरून बसलो होतो. प्रयोगाला दूरच्या फ्रिस्को शहरातल्या मराठी मंडळाची माणसं यायची होती. शेवटच्या वाक्याला लोक हसले तर... हरिदांचं काय होईल, हा विचार माझ्या मनात आला नाही. माझ्या नाटकाचं काय होईल, एवढाच आला.

एका संध्याकाळी ते नेहमीपेक्षा लवकर आले. अंगातला कोटही न काढता म्हणाले, “श्रीधोरबाबू, आज एक चीज सुनाता हूँ.” मी म्हटलं, “हरिदा, आधी माझं ऐका.” आणि शेवटची वाक्यं का काढतोय ते त्यांना समजावलं. शब्दांपेक्षा मौन जास्त परिणामकारक, तुमच्या चेहऱ्यावर सगळं येतंच, वगैरे. त्यांनी भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं. “वेळ झाली,” ते म्हणाले. “निघतो.”

स्वच्छ ‘व’ आणि स्वच्छ ‘ळ’. दार लागल्यावर शैला स्वयंपाकघरातून बाहेर आली. “ऐकलंस?” मी विचारलं, “काय?” तिने माझ्याकडे एकदा पाहिलं आणि ती परत आत गेली. मी ऐकलं होतं. दुसऱ्या दिवशी फोन करून वाक्यं परत देता आली असती. पण मौनाची कल्पना मी तोवर सगळ्यांना सांगून बसलो होतो, आणि तिचं कौतुकही झालं होतं.

प्रयोगात हरिदांनी मुलाच्या डोक्याकडे हात नेला आणि अर्ध्यावरच थांबवला. लोक रडले. नंतर कुणी तरी विचारलं, ही आयडिया कोणाची? मी तोंड उघडायच्या आत हरिदा म्हणाले, “मैंने ही बोला, बुड्ढे का डायलॉग काटो. बोलना तो नए लोगों का काम है.” मी शेजारी उभा होतो. मी हसलो. हीच गोष्ट पुढे इतकी वर्षं सांगितली गेली. परवा मंडळाच्या शोकसभेत ती तीन जणांनी सांगितली, आणि चौथा मी होतो. घरी येताना गाडीत शैला एवढंच म्हणाली, “आता तरी?”

म्हणून हे लिहितो आहे. हरिदांनी वाक्यं सोडली नव्हती. मी ती काढून घेतली, आणि तीही त्यांना ती बोलता यायला लागल्यावर.

छापायला देण्याआधी मिठूला सांगायला गेलो. मिठूशी मी इंग्रजीतच बोलतो, त्यामुळे हे सांगणं जरा सोपं जाईल असं वाटलं होतं. गेलं नाही. तिने सगळं ऐकलं आणि मला हरिदांच्या खोलीत नेलं. खिडकीपाशी त्यांची खुर्ची, समोर कपाटाचा लांब आरसा. “इथे दार लावून ते काही तरी म्हणत असायचे,” ती म्हणाली. “बाहेर नुसतं पुटपुटणं ऐकू यायचं. तेच असणार. मग एके दिवशी बंद झालं. मला वाटलं, कंटाळले.” मग ती म्हणाली, “काय वाक्यं होती ती? म्हणा ना, काका.”

मी आरशासमोर उभा राहिलो. वाक्यं माझी, भाषा माझी. घसा खाकरला.

“बाळा, बेल झाली...”

मिठूला मराठी येत नाही. ती तशीच ऐकत उभी होती. मी ते दुरुस्त केलं नाही. पुढचं वाक्य म्हटलं.