दर पाडव्याला कोरं खत

सकाळी दहाचा सुमार. अमरावतीतल्या एका कचेरीची कौलारू पडवी. समोर गादीवर तहसीलदारसाहेब, त्यांच्या डाव्या हाताला दाजीबा सावकार, उजव्या हाताला मी. दावा माझ्या राहत्या घराच्या गहाणाचा.

मंडळी, त्या पडवीत मी माझ्याच तोंडानं माझं घर कसं घालवलं, ते आज सांगून टाकतो. हसायचं तर खुशाल हसा. पण शेवटपर्यंत बसा, कारण माझ्या घराच्या भिंतीला भिंत लावून दुसरं एक घर होतं, आणि ते माझं नव्हतं.

मी मुंबईच्या एका वर्तमानपत्राचा वऱ्हाडातला बातमीदार. पुण्याच्या कॉलेजात शिकलेला, आणि हे कोणी विचारलं नाही तरी सांगणारा! पाटलापासून पोलिसापर्यंत आणि मक्तेदारापासून मामलेदारापर्यंत मी कोणाला सोडलं नाही. ज्याच्यावर माझी लेखणी चालली नाही असा एकच माणूस वऱ्हाडात उरला होता, तो म्हणजे मी. ती उणीव आज भरून काढतो.

तिकडे अमेरिकेत लढाई पेटली, तिथला कापूस विलायतेला जाईना, आणि इकडे आमच्या कापसाचा भाव आभाळाला भिडला. मुंबईचे दलाल, त्यांचे मुनीम, गोऱ्या पेढ्यांचे अडते अमरावतीत असे उतरले, की गावात पाठ टेकायला जागा मिळेना. आमच्या आळीत एकानं गोठा भाड्यानं दिला. म्हैस बाहेर आणि दलाल आत! खोटं वाटतं? मी स्वतः त्या दलालाची मुलाखत घेतली. त्याची तक्रार एकच होती, म्हैस दारातून हलत नाही.

ते पाहून माझं डोकं फिरलं. अंबागेटाजवळ आमचं दोन खोल्यांचं घर. त्यावर एक माडी चढवली, की दलाल ठेवता येईल. भाड्यावर माडी फुकटात पडेल! पैसे दाजीबा सावकार द्यायला तयार होते. घर गहाण टाकायचं, एवढंच.

आमच्या मंडळी माहेरच्या अकोल्याच्या. त्यांनी भाकरी थापता थापता विचारलं, "अन् लढाई थांबली तं?"

"दहा वर्षं थांबत नाही. मी तसं लिहिलंय."

"तुमी लिवलं ते त्या लढणाऱ्याइले कोणी वाचून दाखवलं काय?"

मी पागोटं चढवलं आणि दाजीबांकडे गेलो.

पाचशे रुपये घेतले. व्याज शेकडा दरमहा दोन. तुम्ही म्हणाल, एवढं जबर व्याज, आणि शिकलेला माणूस हो म्हणाला? अहो, शिकलेला होता म्हणूनच हो म्हणाला! मला दामदुपटीचा नियम ठाऊक होता ना. आपल्या धर्मशास्त्रात लिहून ठेवलंय आणि सरकारी कचेरीतही चालतं: थकलेलं व्याज मुद्दलाच्या वर जाऊ शकत नाही. पाचशे घेतलेत, तर व्याजही फार तर पाचशे. पुढे सावकारानं कितीही वर्षं वाट पाहिली तरी एक पै वाढत नाही.

मग माझ्या कॉलेजी मेंदूनं हिशेब केला. व्याज एका जागी येऊन आपोआप थांबणारच आहे, तर दर महिन्याला भरायचं कशाला? माडीचं भाडं आलं की मी खर्चून टाकी. हौसेनं बसायला एक छपराची दमणी घेतली. दमणीला शोभतील म्हणून बैल घेतले. बैलांना शोभेल म्हणून मला शाल घेतली.

एवढ्यावर थांबलो असतो तरी निभावलं असतं. पण मी पडलो बातमीदार! त्याच सुमारास एका सावकारानं जुन्या कर्जखतावरचा आकडा खरवडून बदलल्याची भानगड माझ्या कानावर आली. मी पेटलोच. दिवाळीच्या पाडव्याला दाजीबांच्या पेढीवर वह्यांची पूजा चालली होती, तिथे मी जाऊन उभा राहिलो.

"दाजीबा, जुनं खत माझ्यासमोर फाडा. आजपर्यंतचा हिशेब करा, आणि कोऱ्या स्टांपावर नवं खत लिहा."

दाजीबांच्या हातात कुंकवाची वाटी होती. ती त्यांनी खाली ठेवली. "काहून भाऊ? जुनंच राहू द्या ना. काय बिघडून राहिलं त्याचं?"

"का बरं? नवं लिहायला भिता?"

"भीत नाई बाप्पा. पन तुमचं याज मुद्दलात..."

"मला गणित शिकवू नका! सावकाराचे डाव मी ओळखून आहे. वर्षाच्या वर कागद जुना होऊ द्यायचा नाही, म्हणजे त्यावर कोणाचा हात चालत नाही."

दाजीबांनी माझ्याकडे पाहिलं. मग पूजेला आलेल्या लोकांकडे पाहिलं. सगळे माझ्या तोंडाकडे पाहत होते, आणि मला ते फार आवडत होतं.

"तुमी शिकेल मानूस," दाजीबा म्हणाले. "तुमचीच मर्जी असन, तं म्या कायले अडवू?"

खत लिहिलं गेलं. मी एक एक अक्षर तपासलं. मुनिमाच्या मराठीतल्या चुका काढल्या, दोन ठिकाणी तर वाक्यच फिरवून दिलं. बेरीज ताडून पाहिली. पाचशे मुद्दल आणि एकशेवीस व्याज, एकूण सहाशेवीस रुपये मुद्दल. बेरीज पैचीही चुकलेली नव्हती! मी खूश होऊन सही ठोकली, पानसुपारी घेतली, आणि घरी येऊन त्यावर लेख लिहिला. 'ऋणकोंनो, सावध व्हा! दर पाडव्याला खत बदला!' संपादकांनी तो पहिल्या पानावर छापला.

पुढच्या पाडव्याला पुन्हा गेलो. त्याच्या पुढच्यालाही गेलो. दाजीबांचा मुनीम मला पाहिल्याबरोबर जुनं खत फाडायला काढू लागला. चौथ्या वर्षी तर त्यांनी माझ्यासाठी वेगळी बैठक घातली होती. मला वाटलं, माझा दरारा!

आता त्या दुसऱ्या घराचं सांगतो. आमच्या शेजारी करीमभाई. कापसाच्या गाड्या हाकणारे. अमरावतीचा माल गाड्यांत भरून लांब लांब पोचवायचे. तेजीत काम वाढलं, तसं त्यांनीही घर गहाण टाकून दाजीबांकडून पैसे घेतले, गाड्या आणि बैल वाढवले. सुगीनंतर एक दिवस कमरेला पैशांचा कसा बांधून माझ्याकडे आले.

"भाऊ, दाजीबाचं याज देऊन येतो म्हन्तो. मोसम चांगला झाला."

"वेडे आहात का करीमभाई? व्याज देऊ नका. दुप्पट झालं की ते आपोआप थांबतं. त्या पैशांत आणखी एक बैलजोडी घ्या."

"थांबते? खरंच?"

"शास्त्र आहे! मी कॉलेजात वाचलंय."

ते हसले. "तुमी म्हन्ता तं बरोबरच असन." आणि बैलजोडी घेतली. खत बदलण्याचाही आग्रह मी केला, पण दिवाळीत त्यांच्या गाड्या वाटेवर असत. "पाडव्याले मी कोनत्या नाल्यात फसेल असतो, ते मलेच मालूम नसते भाऊ," म्हणायचे. त्यांचं पहिलंच खत तसंच राहिलं. मी त्यांना हलगर्जी म्हणायचो!

मग काय? अमेरिकेतली लढाई थांबली. माझा लेख तिकडे कोणी वाचलाच नसावा. कापूस धाडदिशी पडला. आमचा दलाल पहाटे वळकटी घेऊन निघून गेला, माडीच्या खिडकीला एक लंगोट तेवढा वाळत ठेवून गेला. पाठोपाठ रेल्वे आली. करीमभाईंच्या गाड्या अंगणात उभ्या राहिल्या आणि कोंबड्या त्यांत अंडी घालू लागल्या.

दाजीबांनी दोघांवर दावे लावले. पहिला माझा. म्हणजे आपण पुन्हा त्या सकाळच्या पडवीत आलो.

मी वकील केला नव्हता. मला कशाला हवा वकील? उठून उभा राहिलो आणि दामदुपटीवर असं काही बोललो, की पडवीबाहेरचे लोक आत डोकावू लागले. मी म्हणालो, "साहेब, घेतले पाचशे, म्हणून दाजीबांचा हक्क फार तर हजारावर. हे मागतात पंधराशेच्या घरात! ही दिवसाढवळ्या लूट आहे."

तहसीलदारसाहेब शांतपणे खत चाळत होते. "हे खत गेल्या पाडव्याचं?"

"होय साहेब. दरवर्षी नवं करवून घेतो."

"कोण करवून घेतं?"

"मी!" छाती काढून सांगितलं. काय ती छाती!

"याच्यात मुद्दल म्हणून जो आकडा आहे, तो तुम्हाला मान्य आहे?"

"बेरीज मी स्वतः तपासलीय."

साहेबांनी चष्मा काढला. "मग दामदुपट लागते ती या मुद्दलाला. दर पाडव्याला मागचं व्याज तुम्हीच मुद्दलात घातलं आणि शून्यापासून सुरुवात केलीत. यातलं व्याज अजून एका सालाचंही नाही. ते मुद्दलाच्या वर जायचं कसं?"

मी दाजीबांकडे वळलो. "तुम्हाला हे ठाऊक होतं?"

"पयल्याच साली सांगून राहिलो होतो ना भाऊ! तुमी म्हनाले गणित शिकवू नका. म्या मंग शिकवलं नाई."

लोक हसले. साहेबही हसले. एक मी सोडून सगळी कचेरी हसली. पण मंडळी, तुम्हीच सांगा, यात नुसतं हसण्यासारखं काय आहे? ऋणकोला वाचवायला म्हणून केलेला नियम एका कोऱ्या कागदानं मुका होतो, तो कागद सरकार स्वतः विकतं, आणि दरसाल विकताना कोणी चकार शब्द बोलत नाही! मी हे तिथेच गरजून विचारलं. साहेब म्हणाले, "तुमचं म्हणणं लेखात लिहा. हुकूमनामा दाजीबांच्या बाजूनं."

घर गेलं. आणि त्या अवस्थेतही माझ्या डोक्यात काय चमकलं असेल? करीमभाई वाचले! त्यांचं खत जुनं, पहिलं, एकदाही न बदललेलं. त्यांचं व्याज दुपटीला येऊन थांबणार. उरलेले बैल आणि गाड्या विकून तेवढं फिटतं, घर राहतं. मी धावत त्यांच्याकडे गेलो. "करीमभाई, तुमची केस मी लढवतो!"

त्यांच्या बायकोनं पडद्याआडून विचारलं, "लढवायची कशाले भाऊ? तुमची तं हारली ना?"

करीमभाईंनीच तिला गप्प केलं. "भाऊ शिकेल आहे वो. मानसाले एक वखत चूक होते."

तीच पडवी, तोच सकाळचा सुमार. मी खत पुढे केलं. "पाहा साहेब! पहिलंच खत. आता लावा दामदुपट."

साहेबांनी खत वाचलं. नाव वाचलं. करीमभाईंकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"बातमीदार, हा नियम कुठला म्हणालात?"

"आपल्या धर्मशास्त्रातला."

"कोणाच्या?"

इतकी वर्षं भिंतीला भिंत लावून राहिलो, ईदेला त्यांच्या घरचा शिरखुर्मा खाल्ला, आणि हिंदूंच्या शास्त्रातला नियम मुसलमान ऋणकोला लागतो की नाही, हा प्रश्न माझ्या मनाला एकदाही शिवला नव्हता! सगळ्या वऱ्हाडाला प्रश्न विचारत फिरणारा मी!

करीमभाईंनी मला हळूच विचारलं, "काय म्हन्ते साहेब? थांबते का नाई याज?"

मी साहेबांकडे पाहिलं. साहेब म्हणाले, "मला खात्रीनं सांगता येत नाही. हा सवाल मी वर लिहून पाठवतो. पण तोवर वसुली थांबवणं माझ्या हातात नाही."

करीमभाईंनी मान हलवली. बाहेर आल्यावर मला म्हणाले, "चाला भाऊ, ऊन होऊन राहिलं." एवढंच. शिवी दिली असती तर बरं झालं असतं.

माझं घर दाजीबांनी घेतलं, पण मला बाहेर काढलं नाही. खालच्या खोल्यांत त्यांची सरकी भरलेली असते. वरची माडी भाड्यानं दिलीय. कोणाला म्हणता? मला! दलालासाठी बांधलेल्या माडीत आता बातमीदार राहतो, आणि पहिल्या तारखेला भाडं भरतो. भाडं द्यायला मी निघालो, की आमच्या मंडळी विचारतात, "पावती कोरीच घेसान ना?"

दाजीबांनी माझा तो पहिल्या पानावरचा लेख पेढीच्या भिंतीला चिकटवलाय. नवीन ऋणको आला, की त्याला आदरानं वाचून दाखवतात. मी दुरुस्तीचा मजकूर संपादकांकडे पाठवला. त्यांनी जागा नसल्याचं कळवलं.

माडीच्या खिडकीतून करीमभाईंचं अंगण दिसतं. घराचा लिलाव झाला, दारावर दुसऱ्याचं कुलूप आहे. ते बायकोमुलांना घेऊन अकोल्याला गेले, तिथे स्टेशनावर दुसऱ्याच्या गाडीवर मजुरीनं कापसाच्या गठाणी वाहतात. मोडलेली एक गाडी मागे राहिलीय, तिच्यात अजून कोंबड्या बसतात.

दर महिन्याला भाडं भरून परतताना मी कचेरीच्या पडवीत डोकावतो, आणि वर पाठवलेल्या सवालाचं काय झालं, ते विचारतो. कारकून आता मला पाहून नुसती मान हलवतो.

उत्तर अजून आलेलं नाही.