चित्रा पिवळी पडली तेव्हा

आमची ताई रंगाच्या दुकानात शेड जुळवते. कुणी भिंतीचा पोपडा घेऊन येतं, कुणी पडद्याचा तुकडा. एकदा तर एक बाई चक्क मांजर घेऊन आली, या रंगाचा दरवाजा हवाय म्हणून! ताईने मांजराकडे टक लावून पाहिलं, पांढऱ्या रंगाच्या डब्यात स्टेनरचे, म्हणजे घट्ट अर्काच्या रंगाचे, थेंब सोडले, ढवळलं आणि दिलं. आता त्या दारापाशी मांजर बसलं की दिसत नाही, असं ती बाई गावभर सांगते. मी धाकटी बहीण, त्यामुळे यातलं निम्मंच खरं धरते. तरी पुष्कळ उरतं. दुकानात तिला सगळे शेडताई म्हणतात आणि मालकसुद्धा तिच्याशी आवाज खाली ठेवून बोलतो.

तिच्या कामात यश म्हणजे काहीच न दिसणं. जुना रंग कुठे संपला आणि नवा कुठे लागला हे सापडता कामा नये. सापडलं, तर ते ठिगळ.

हे काम तिला एका म्हाताऱ्या रंगाऱ्याने शिकवलं. त्याची एक तऱ्हा होती. दिवसभर रंग पाहून डोळे थापा मारायला लागतात, म्हणून दिवेलागणीला त्यांना आकाशात नेऊन तपासायचं. सप्तर्षींची शेपटी धरून तोच बाक पुढे न्यायचा, की आधी लागते केशरी स्वाती, आणि आणखी पुढे निळसर पांढरी चित्रा. "या दोघींच्या रंगात कुणाला भेसळ करता येत नाही," असं तो म्हणायचा. तेव्हापासून ज्या महिन्यांत त्या दिसतात, त्या महिन्यांत ताई संध्याकाळी गच्चीवर पाण्याच्या टाकीला टेकून उभी असते. खाली मी शिवणयंत्रावर आणि गॅसवरची भाजी देवाच्या भरवशावर.

त्या संध्याकाळी ती जिन्यावरून धाडधाड उतरली. धाप लागलेली, डोळे मोठे.

"अगं, चित्रा पिवळी पडली!"

"कोण चित्रा? कावीळ झाली का?"

"तारा गं, तारा! विझायला लागलीय ती! आणि जगात कुणाला पत्ता नाही!"

घाबरणं दूरच, बाई हरखून गेली होती. मामाला फोन, चुलत बहिणीला फोन. आपण शोध लावला म्हणून तिला झोप येईना आणि तिच्यामुळे मलाही.

त्याच आठवड्यात शाळेच्या व्हरांड्यातली निळी भिंत फसली. डागडुजीचा रंग ताईने जुळवलेला, आणि उन्हात ठिगळ लांबूनही दिसत होतं. मालकाने आवाज खालीच ठेवला, पण बोलायचं ते बोलला. "शेडताई, रंग जुळवायचं मशीन मागवतोय. दवाखान्याची भिंत तेवढी तुमच्याकडे. ती जुळली तर ठीक, नाहीतर दुसऱ्या दिवसापासून काउंटरवर बसा."

"भिंतीतच ओल असेल," ताई घरी येऊन म्हणाली. मी मान खाली घालून शिवण उसवत राहिले. पांढऱ्या सदऱ्यासाठी तिने मला निवडून दिलेला दोरा मलईच्या रंगाचा होता. गिऱ्हाइकाने तो सदरा माझ्या तोंडावर फेकायचाच बाकी ठेवला होता.

गल्लीच्या टोकाला विज्ञानाचे एक निवृत्त मास्तर राहतात, त्यांना आम्ही दुर्बीणकाका म्हणतो. ताईची खबर ऐकून ते दुर्बीण खांद्यावर टाकून जवळजवळ पळतच गच्चीवर आले. किती वेळ पाहिलं, मग आनंदाने हातच चोळायला लागले.

"काय तारा निवडलाय तुम्ही! ही एक नाहीच मुळी, दोघी आहेत. इतक्या जवळ, की चार दिवसांत एकमेकींभोवती फेरी पुरी! ओढाताणीत दोघी अंड्यासारख्या लांबट झाल्यात. आपल्याला दिसतोय तो उजेड अडीचशे वर्षांपूर्वी निघालाय. चित्रा म्हणजे लखलखीत, डोळ्यांत भरणारी. चैत्र महिन्याला नाव हिच्यावरूनच पडलं, आणि जुन्या लोकांनी हिची खूण ठरवली मोती. दुसऱ्या देशांत हिला कणीस म्हणतात, मुलीच्या हातातलं. आणि तापमान? वीस हजार अंशांच्या वर! स्वाती तिच्यापुढे कोमट, चार हजारांच्या आसपास."

"काहीतरीच!" ताई उसळली. "केशरी रंग उष्ण, निळा थंड. सगळ्या रंगाऱ्यांना ठाऊक आहे!"

"तुमच्या दुकानात. गॅस चांगला पेटला की कुठल्या रंगाचा दिसतो?"

"निळा," ताई पुटपुटली. मी मनातल्या मनात टाळ्या वाजवल्या.

"म्हणजे ती पिवळी पडली तर थंड झाली," ताई म्हणाली. हार मानणारी नव्हेच.

"हो. पण ती पिवळी पडलेली नाही." काकांचा आवाज एकदम मऊ झाला. "शेडताई, रात्री गाड्यांच्या दिव्यांभोवती कडी दिसतात का हो तुम्हाला?"

ताईने माझ्याकडे पाहिलं. इतका वेळ फुललेला तिचा चेहरा उतरत गेला, आणि मला काकांचा भयंकर राग आला, बरोबर बोलल्याचा राग.

दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू होता. डोळ्यातलं भिंग हळूहळू पिवळं होत जातं, डॉक्टरीणबाई म्हणाल्या, आणि सगळंच पिवळं झालं की माणसाला काहीच पिवळं वाटत नाही. आधी हरवतात ते निळ्यातले बारीक फरक. काळ्या आकाशात एकटी असलेली चित्रा तेवढी खरं सांगून गेली.

"आकाशातला मोती बघता बघता डोळ्यात आला," ताई हसत म्हणाली. पण घरी येऊन ती रडली. आयुष्यात तिच्याकडे दुसरं काही नव्हतं, हे डोळेच होते, आणि आकाशापेक्षा तेच तिने खरे धरले होते. ऑपरेशनला कबूल झाली ती एकाच डोळ्याच्या. "उजवा करा. डावा राहू दे. बिघडलेला का होईना, माझा आहे."

उजव्या डोळ्याची पट्टी निघाली त्या दिवशी संध्याकाळ होता होईना. ताई उजेड असतानाच टाकीपाशी जाऊन उभी. काका आले, खालच्या मजल्यावरची मंडळी आली. आधी स्वाती उमटली. मग दक्षिणेकडे ती दुसरी.

ताईने डावा डोळा हाताने झाकला.

"अगं बाई!"

हात बदलला. उजवा झाकला. पुन्हा डावा.

"पिवळी! निळी! पिवळी... निळी! अगं, निळीच आहे ती! पेटलीय नुसती!" एवढी मोठी बाई टाकीभोवती नाचायला लागली, आणि मी तिचा पदर धरून ओरडत होते की पडशील, डोळ्याला धक्का लागेल. माझे स्वतःचे डोळे वाहत होते ते मला नंतर कळलं.

डॉक्टरीणबाईंनी परवानगी दिली त्याच दिवशी ती दवाखान्याच्या भिंतीच्या कामावर गेली. मी डबा धरायला. डाव्या डोळ्यावर रुमाल बांधून तिने रंग जुळवला. थेंब, ढवळणं, पत्र्यावर फटकारा, वाळू देणं, पुन्हा थेंब. रुमाल बांधलेली शेडताई बघायला नर्सबाया डोकावून जात होत्या.

रंग वाळल्यावर मालक आला. टॉर्च घेऊन. भिंतीला गाल लावून त्याने तिरका उजेड टाकला, इकडून पाहिलं, तिकडून पाहिलं, आणि शेवटी विजयी बोट ठेवलं. "हे बघा! हे ठिगळ."

"ती जुनी भिंत आहे," ताई म्हणाली.

मालकाने पुन्हा हात फिरवला. सापडेना. खरोखरच सापडेना! त्याने टॉर्च बंद केला, आणि मला वाटलं आता हा माणूस तिच्या पाया पडतो की काय. तो फक्त खाकरला.

"मशीन मात्र येऊन पडलंय, शेडताई. त्याचं काय करू?"

ताईने रुमाल सोडला, घडी घालून माझ्या हातात दिला. "डाव्या डोळ्याची तारीख घे गं," ती मला म्हणाली, आणि मग मालकाला, "ठेवा की मशीन. पण संध्याकाळी त्याला गच्चीवर कोण नेणार?"