मुनीमकाका वारस विचारायचे

दहावीची परीक्षा देऊन लातूरच्या डाळमिलीत तात्पुरत्या कामाला लागलेल्या पोरांना बसप्पा मुनीम पहिला प्रश्न विचारायचे तो वारसाचा. तुरीच्या पोत्यावर बसवायचे, हातात चहा द्यायचे आणि गंभीरपणे म्हणायचे, "तुझा वारस कोण?" सोळाव्या वर्षी कसला वारस! मी फिस्सकन हसले. मुनीमकाका हसले नाहीत. "फंडाला नाव लागतंय, माय. घरी जाऊन इचार कर. उद्या सगळ्यांम्होरं मोठ्यानं सांग."

लातूर नुकतंच जिल्हा झालं होतं. नव्या कचेऱ्यांना रंग लागत होता आणि विहिरींनी तळ गाठला होता. आई रोजगार हमीच्या रस्त्यावर खडी फोडायची. संध्याकाळी तिला म्हटलं, वारस म्हणून तुझं नाव देणार. भाकरी थापता थापता तिचा हात थांबला. "सरकारात? माझं नाव?" म्हणाली आणि उगीच हसत राहिली.

मालक मनाने वाईट नव्हते, पण दुष्काळात धंदा बसला होता. आमच्या पगारातून प्रॉव्हिडंट फंडात जेवढं कापायचं, तेवढंच त्यांना पदरचं घालावं लागायचं. ते मुनीमकाकांना म्हणाले, "दोन महिन्यांची पोरं ही. उमेदवार म्हणून लावा. काम शिकून राहिलेत म्हणा." शिकाऊ उमेदवारांना फंड नसतो. आम्हीही खूश झालो, कापलं नाही तर हातात जास्त येणार होतं! काका एवढंच म्हणाले, "हाव मालक. शिकवतो."

आणि दुसऱ्या दिवशी खरंच शिकवायला बसले. निवडणं, पोती उचलणं सगळं बंद. तूर दाताखाली धरून तिच्यातली ओल कशी ओळखायची, तेलपाणी लावलेली तूर उन्हात किती वाळू द्यायची, चाळणीचा आवाज बदलला की काय बघायचं. एकेक गोष्ट पुन्हा पुन्हा, अगदी रंगात येऊन. दारात गुलबर्ग्याहून आलेला ट्रक भरलेला उभा. मालक धावत आले.

"मुनीम, काय करून राहिलात?"

"शिकवून राहिलो, मालक. उमेदवार हायत न्हवं? पोती उचलली तर कामगार झाले की."

मालक भडकले. उद्यापासून येऊ नका, असं काकांनाच म्हणाले. काकांनी टोपी उचलली, चपला पायांत सरकवल्या. त्या वयात दुसरीकडे कुणी त्यांना ठेवून घेतलं नसतं. दाराशी ते थांबले.

"निजामाच्या काळात उदगीरला लई वर्षं उमेदवारी केली म्या. मालक मेला, दुकान गेलं. मी तितं राबलो, हे सांगायला आज कुणी न्हाई. या पोरांचं तसं व्हाया नको, मालक."

बाहेर ट्रकवाला शिव्या द्यायला लागला होता. शेवटी मालकच म्हणाले, "बसा, मुनीम. लावा त्यांची नावं फंडाला." काका बसले, पण धडा अर्धा राहिला होता, तो पुरा केल्यावरच त्यांनी आम्हाला ट्रककडे सोडलं!

मग मी सगळ्यांसमोर आईचं नाव मोठ्याने सांगितलं. पहिला पगार कापून मिळाला तेव्हा कुरकुरलेही. काका ओरडले, "तुझंच हाय ते. आता चिड, पुढं पैका हातात आला की चिडायचं इसरशील." माझ्यावर एवढा हक्काने ओरडणारा माणूस पुन्हा भेटला नाही.

पुढे कैक वर्षांनी काका गेल्याचा निरोप आला तेव्हा मी नांदेडला नोकरीत होते. मिळेल त्या गाडीने लातूर गाठलं. लिंगायत रीतीप्रमाणे त्यांना भस्म लावून बसवलेलं होतं. काकू आधीच गेल्या होत्या, मूलबाळ नव्हतं. समाधीच्या खड्ड्यापाशी विधी करणाऱ्या जंगमस्वामींनी विचारलं, "वारस कोण हाय? पुढं या."

भाऊबंद एकमेकांकडे पाहू लागले. मला रडू फुटत होतं, तरी पुढे झाले आणि माझं नाव सांगितलं, मोठ्याने. मागून आणखी एकाने त्याचं सांगितलं. मग तिसऱ्याने. मिलीतली आमची सगळी तात्पुरती पोरं, केस पिकायला लागलेली, एकेक करून पुढे येत होती. जंगमस्वामींनी प्रत्येकाच्या हातात बेलाचं पान दिलं.