मामी यायच्या आधीचं इंजेक्शन

नर्सिंगचं शिक्षण संपवून मी कोल्हापुरातल्या एका दवाखान्यात पुरुषांच्या वॉर्डात लागले. सत्तरच्या दशकातली गोष्ट. आता निवृत्त होऊन पुण्याला मुलाकडे असते. इथं सगळं बरं आहे, पण लांबूनच मोठ्यानं "काय बाई, जेवलासा काय?" असं कुणी विचारत नाही. त्या आवाजासाठी जीव तुटतो, आणि मग मला मामा आठवतात.

मामा म्हणजे आमच्या वॉर्डातले एक पेशंट, सगळे त्यांना मामाच म्हणायचे; राधानगरीकडचे शेतकरी. भात, थोडा ऊस, गोठ्यात म्हशी. मांडीच्या हाडाचा कॅन्सर होता आणि तो फार उशिरा कळला होता. ऑपरेशनचा उपयोग नव्हता. दुखणं सुसह्य करायचं, एवढंच आमच्या हातात होतं. अडचण अशी की मामांना "दुखतंय का?" म्हणून विचारलं की ते म्हणायचे, "न्हाय की. झ्याक हाय."

मी दोनतीनदा त्यावर विश्वास ठेवून पुढच्या खाटेकडे वळले. आमच्या वॉर्डच्या मोठ्या सिस्टरनी ते पाहिलं. मला बाजूला घेऊन म्हणाल्या, "अगं, असं विचारलंस तर हा माणूस जन्मात हो म्हणणार नाही. झोपेत कूस बदलता आली का, ते विचार. भाकरी ताटात उरली का, बघ. आणि बोलत असताना नुसतं ऐकू नकोस, त्यांच्याकडं बघत राहा."

मग मी मामांशी म्हशींवर बोलायला लागले. एक म्हैस गाभण होती, तिच्यावर त्यांचा फार जीव. तिचं शिंग कसं वळलंय, ती कुणाच्या हाताला पान्हा सोडते, हे सांगताना ते खाटेवर नसायचेच, गोठ्यात असायचे. पण मध्येच वाक्यं आखूड व्हायची. पायाची बोटं आत वळायची, चादरीचा काठ मुठीत यायचा. "म्हस... हाय बरी," एवढंच म्हणून ते छताकडे बघत राहायचे. तेव्हा मी समजायची. गुडघ्याखाली उशी सरकवायची, पाठीला आधार देऊन हळूच वळवायची आणि उकळून ठेवलेली सुई घ्यायला जायची.

आठवड्याच्या बाजाराला गावाकडून कुणी ना कुणी येई, त्यांच्याबरोबर मामी एस.टी.नं यायच्या. त्या दिवशी सकाळपासून मामांचं लक्ष दाराकडे. एकदा त्यांनी मला खुणेनं जवळ बोलावलं.

"बाई, एक काम हाय. आमची मंडळी याच्या आदी सुई देशीला काय?"

"दुखतंय ना मामा?"

"मला उठून बसाय पायजे. तिला असं आडवं पडल्यालं दिसाय नगं."

त्या काळी दुखायला लागलं की इंजेक्शन द्यायचं, अशीच रीत होती. मी मोठ्या सिस्टरना सांगितलं, त्यांनी डॉक्टरांना. डॉक्टर मामांच्या खाटेवर बसले, त्यांच्याशी बोलले आणि म्हणाले, "कळ चढायची वाट कशाला बघायची? आधीच देऊ या. रोजच नेमानं देऊ." त्यानंतर मामी यायच्या वेळी मामा उशांना टेकून बसलेले असायचे, विंचरून, टोपी घालून. "हिरवा चारा घालतीस न्हवं?" असं दरडावून विचारायचे. मामी भाकरी-पिठल्याचं फडकं सोडायच्या. त्या दोघांकडे बघताना वॉर्डातली माणसं आपापल्या घरच्या गोष्टी काढायची. मला आई आठवायची. तिला जाऊन तेव्हा फार दिवस झाले नव्हते.

एकदा निघताना मामींनी मला व्हरांड्यात गाठलं. "बाई, त्यास्नी लई दुकतंय न्हवं? दात आवळत्यात. येवढा संसार केला, मला कळत न्हाय व्हय? पर मला कळतंय म्हणून त्यास्नी सांगू नगा."

मी दोघांचंही ऐकलं आणि कुणालाच काही बोलले नाही.

पुढं मामांनी घरी जायचा हट्ट धरला. जायच्या आधी मोठ्या सिस्टरनी आणि मी मामींना शिकवलं: कुशीवर कसं वळवायचं, दोन गुडघ्यांत चादरीची घडी कशी ठेवायची, गोळी दुखायच्या आधी द्यायची, मागायची वाट बघायची नाही. मामींनी सगळं माझ्यावरच करून दाखवलं. मामा हसले. जीपमध्ये चढवताना त्यांनी माझा हात धरला आणि बराच वेळ सोडलाच नाही.

भाताची कापणी झाल्यावर मामी आल्या, एकट्याच. कपाळ मोकळं. मी काही विचारायच्या आत म्हणाल्या, "गेलं. घरातच गेलं, माझ्या मांडीवर." मग मामांच्या खाटेकडे बघत राहिल्या. तिथं दुसराच माणूस झोपला होता.

आम्ही व्हरांड्यातल्या बाकावर बसलो. मामी म्हणाल्या, "गावात समदी म्हणत्यात, म्हातारा दांडगा हुता, कवा कण्हला न्हाय. पर किती सोसलं त्यांनी, ते कुणाशी बोलू? तुमालाच ठावं हाय. म्हणून आलो बघा."

मग मी त्यांना सगळं सांगितलं. त्या यायच्या आधी मामा सुई मागून घ्यायचे, टोपी सारखी करायला लावायचे, तेही. मामी रडता रडता हसल्या. "मला काय कळत न्हवतं व्हय? दंडाला कापूस तसाच असायचा की."

खूप वेळ आम्ही मामांच्याच गोष्टी बोललो. गाडीची वेळ झाली तशा त्या उठल्या, माझ्या तोंडावरून हात फिरवला आणि पदर डोक्यावर घेऊन निघाल्या.

त्या परत आल्या नाहीत. पण बाजारच्या दिवशी वॉर्डात काम करताना माझी नजर कितीतरी महिने दाराकडे जायची. आईबद्दल असं कुणाशी तरी बोलत बसावं, असं मला तेव्हा फार वाटायचं.